मोजून सोडलेला समास

एखादे नाव आलेखावर लिहायचे असेल तर त्याला किती जागा लागेल, आणि ती जागा कोणी ठरवायची, या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी हा लेख लिहीत आहे. प्रश्न किरकोळ आहे हे मला मान्य आहे. सुजाण माणसे नाव लिहून टाकतात आणि बसले नाही तर काढून टाकतात. परंतु ज्यांना याखेरीज दुसरा कोणताही प्रश्न पडत नसे अशा एका गृहस्थांच्या शेजारच्या खुर्चीवर मी काही वर्षे बसलो, आणि शेजारच्याचा खोकला लागावा तसा तो प्रश्न मला लागला.

आमचे कार्यालय वाराणसीत सिगऱ्याला, एका मिठाईच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर होते. जिल्ह्यातल्या निरनिराळ्या खात्यांकडून आकडे घ्यायचे, संगणकाच्या प्रोग्रॅममधून त्यांचे आलेख काढायचे आणि ते परत द्यायचे, हा आमचा व्यवसाय. आकडे खरे असावेत अशी कोणाची सक्ती नव्हती. ते सुबक दिसावेत एवढीच होती. मी त्यापूर्वी शाळेत गणित शिकवत असे, म्हणून मला तपासनीस नेमले होते. तपासनीसाने चुका शोधाव्यात अशी अपेक्षा होती. त्या सांगाव्यात अशी नव्हती.

कार्यालयात मराठी बोलणारे आम्ही दोघेच, मी आणि शेजारच्या खुर्चीवरचे हे गृहस्थ. माझे घर दुर्गाघाटाच्या गल्लीत; यांचे अमृतराव घाटाच्या बाजूला. वाडवडील पूजा सांगत, हे रेल्वेत लागले. रेल्वेत आपण स्थानकांच्या पाट्यांचे काम पाहिले असे ते सांगत. ते तिकिटे तपासत असत असे इतर सांगत. निवृत्तीनंतर ते प्रोग्रॅम लिहायला शिकले, आणि उशिरा शिकलेला माणूस जसा शिकलेल्या गोष्टीचा धर्म करतो तसा त्यांनी केला. शर्टाच्या खिशात पेनाच्या जागी पोलादी फुटपट्टी असे. ती खिशापेक्षा लांब असल्यामुळे त्यांच्या हनुवटीला टोचे, आणि म्हणून ते नेहमी मान किंचित वर करून बोलत. नवख्या माणसाला तो गर्व वाटे. जुन्यांना माहीत होते की गर्व निराळा आहे आणि पट्टी निराळी.

इकडे जमिनीच्या मोजणीला नापी म्हणतात. त्यावरून सारे कार्यालय त्यांना ‘नापी गुरू’ म्हणे. त्यांना ही पदवी वाटत असे, आणि कोणी त्यांचा गैरसमज दूर केला नाही.

त्यांची स्वतःची परिभाषा होती. लेबल, म्हणजे आलेखावर पट्टीशेजारी किंवा अक्षाखाली लिहायचे नाव, जागेत मावले तर ते ‘बसले’. कडेला कापले गेले किंवा शेजारच्या नावावर चढले, तर ते ‘गेले’. रस्त्यावरून चालतानाही हा पंचनामा चालू असे. कोचिंग क्लासच्या फलकासमोर थांबून ते म्हणत, “हा गेला. शेवटची वेलांटी खांबामागे. माणसं पैसे भरतात आणि वेलांटी खांबाला देतात.” एकदा खालच्या दुकानात जिलबी घेताना त्यांनी मला सांगितले, “आज सकाळपासून आपले तीन गेले, एक अर्धवट आहे.” दुकानदाराला कामचलाऊ मराठी कळत असे. त्याने हात जोडले आणि हलक्या आवाजात विचारले, “लकड़ी का इंतज़ाम हो गया?” आपल्या गावात हा प्रश्न सौजन्याचा धरला जातो. नापी गुरूंनी गंभीरपणे उत्तर दिले, “लकड़ी नहीं लगेगी. फॉन्ट छोटा करेंगे तो अर्धवट वाला बच जाएगा.” दुकानदाराने त्यानंतर त्यांना जिलबीचे वजन नेहमी थोडे जास्त दिले. शोक माणसाला कुठे नेतो, असे तो म्हणे.

आता त्यांची पद्धत सांगतो, कारण पुढचे समजायला ती लागेल. कागदावर हाताने आकृती काढणाऱ्याला हा प्रश्न पडत नाही. तो आधी नाव लिहितो आणि उरलेल्या जागेत चित्र काढतो. संगणकाचा प्रोग्रॅम चित्र आधी आखतो. नावांसाठी डावीकडे किती समास सोडायचा हे त्याला नाव लिहिण्यापूर्वीच ठाऊक असावे लागते. ते ठरवण्याचा सोपा मार्ग म्हणजे अक्षरे मोजायची आणि एका अक्षराच्या सरासरी रुंदीने गुणायचे. आमच्या कार्यालयातले तरुण प्रोग्रॅमर त्रिपाठी याच मार्गाने जात. तो मार्ग झटपट आहे आणि चूक आहे. खात्यांना यांपैकी पहिला गुण पुरेसा असे.

चूक कशी, तेही पाहू. संगणक आपली जोडाक्षरे सुटी करून ठेवतो. ‘कमल’ या शब्दात तो तीन खुणा मोजतो. ‘स्त्री’ या एका अक्षरात स, त, र, त्यांना जोडणाऱ्या दोन हलन्त खुणा आणि वेलांटी अशा सहा मोजतो. म्हणजे त्रिपाठींच्या हिशेबाने स्त्री कमळाच्या दुप्पट रुंद ठरते. कागदावर लिहून पाहिले तर कमळच रुंद भरते. जोडाक्षरांनी भरलेले नाव हिशेबात फुगते, आणि प्रत्यक्षात शहाण्यासारखे अंग चोरून बसते.

“अक्षरं मोजू नका, जागा मोजा,” हे नापी गुरूंचे वाक्य होते. त्यांची रीत अशी. आधी नाव खरोखर लिहायचे, पण पडद्याबाहेर, जिथे कोणाला दिसणार नाही. यंत्राला विचारायचे की त्याभोवती घट्ट चौकट काढली तर ती किती रुंद, किती उंच. उत्तर घ्यायचे. नाव पुसायचे. मग तेवढा समास सोडून सारा आलेख काढायचा. इथपर्यंत सारे शास्त्रशुद्ध आहे आणि जगातले अनेक लोक हेच करतात. पुढचा भाग मात्र केवळ त्यांचा. ते आलेख छापून घेत, फुटपट्टी लावत, यंत्राचे उत्तर आपल्या उत्तराशी ताडून पाहत, आणि दोन्ही जुळली की चेहरा पाडत. यंत्र एकदा तरी खोटे बोलताना सापडावे अशी त्यांची फार इच्छा होती.

उंचीसाठी त्यांनी एकच शब्द नेमला होता, इथल्या देवीच्या प्रसिद्ध देवळाचा: दुर्गाकुंड. त्यात वर रफार येतो, अनुस्वार येतो, खाली उकार येतात. वरून खालून जेवढे छळता येईल तेवढा तो शब्द चौकटीला छळतो. कोणताही फॉन्ट आला की ते प्रथम ‘दुर्गाकुंड’ लिहून पाहत. त्रिपाठी म्हणत, “गुरू रोज दर्शन कर लेते हैं, कुर्सी से उठे बिना.” नापी गुरू यावर रागावत नसत. त्रिपाठींनी नावे बसवण्यासाठी ती तिरकी केली की मात्र रागावत. “आलेख वाचायला मान वाकडी करायची? समितीत काय बगळे बसवलेत?” समिती पाहिलेल्या माणसाला हा प्रश्न अवघड होता.

एकदा नापी गुरूंच्या घरी गेलो होतो. काकूंनी चहा दिला. मी एक घोट घेतला आणि कप खाली ठेवला.

“खारट झाला का?” काकूंनी शांतपणे विचारले.

“थोडा.”

“डब्यांवर नावं लावायची आहेत. ह्यांचं माप चाललंय. तोवर वास घेऊन ओळखायचं.”

“मिठाला वास कुठे असतो, काकू?”

“म्हणून तर.”

नापी गुरूंनी आतून सांगितले की ‘साखर’ आणि ‘मीठ’ यांची रुंदी सारखी नाही, आणि एका फळीवरच्या डब्यांना निरनिराळ्या मापाची लेबले शोभत नाहीत; निर्णय विचाराधीन आहे. काकूंनी मला दुसरा चहा करून दिला. तो गोड होता. कसा साधला ते मी विचारले नाही. ज्या घरात तत्त्वे पाळली जातात तिथे बाईमाणसाला काही गुपिते ठेवावीच लागतात.

त्यांचे दुसरे तत्त्व आमच्या डायरेक्टर साहेबांना अधिक महाग पडे. नापी गुरू कोणाचेही नाव छोटे करत नसत. साहेब म्हणत, “नाम काट के तीन बिंदी लगा दीजिए.” नापी गुरू म्हणत, “नाम उनका है, जगह हमारी है. जो हमारा है, उसमें कटौती कीजिए.” हे बोलून ते पट्ट्या आखूड करत, अक्षर लहान करत, नाव दोन ओळींत मोडत, आणि एवढ्यात दिवस संपे. म्हणून घाईची कामे त्रिपाठींकडे जात. आमच्याकडे येणारे प्रत्येक काम घाईचे असे. तेव्हा नापी गुरूंकडे काय उरत असेल याची कल्पना वाचकांनी करावी.

असेच एक घाईचे काम शिक्षण खात्यातल्या एका समितीकडून आले. ज्या शाळांत मुले कमी येतात त्या शेजारच्या मोठ्या शाळांत विलीन करायच्या होत्या. आलेखात प्रत्येक शाळेची एक आडवी पट्टी, तिच्या डावीकडे शाळेचे नाव, आणि मधोमध एक उभी रेघ. पट्टी रेघेपलीकडे गेली तर शाळा राहील. अलीकडे थांबली तर जाईल. इतके सोपे, की समितीला आकडे वाचावे लागू नयेत. एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवावी. आकडे अगदी शेवटपर्यंत बदलत असल्यामुळे हा आलेख आमच्याकडून चित्र म्हणून जात नसे. आमचा प्रोग्रॅम समितीच्या सभागृहातल्या यंत्रावर बसवलेला होता आणि बैठकीच्या वेळी तिथेच आलेख काढून भिंतीवर दाखवला जाई.

त्या शाळांत माझ्या वहिनींची शाळा होती. आमच्या गल्लीतच, मुलींची, प्राथमिक. वहिनी तिथे मुख्याध्यापिका. शाळेच्या नावात दोन देणगीदार आहेत, त्यांतल्या एकाचे वडील आहेत, एक देवी आहे, ‘स्मारक’ आहे, ‘कन्या’ आहे आणि सर्वांत शेवटी घाट आहे. ते सबंध नाव कोणी उच्चारत नाही. सगळे ‘घाटवाली’ म्हणतात. नाव जोडाक्षरांनी गच्च भरलेले आहे. त्रिपाठींच्या गुणाकाराने ते सबंध भिंतीहून रुंद निघाले. आणि जे नाव बसत नाही ते लिहूच नये अशी त्रिपाठींच्या प्रोग्रॅमची सभ्य रीत होती.

बैठकीत काय झाले ते मला नंतर कळले. वहिनींच्या शाळेची पट्टी रेघ ओलांडून चांगली पुढे गेली होती. तिच्या डावीकडे काहीही लिहिलेले नव्हते. लेखनिकाने रेघ ओलांडणाऱ्या शाळांची नावे एकेक वाचून ‘राहतील’ या यादीत उतरवली. बिननावाची पट्टी आल्यावर तो क्षणभर थांबला असेल असे मी समजतो. मग तो पुढे गेला, कारण जे नाव दिसत नाही ते लिहिता येत नाही. ‘राहतील’ या यादीत जी नव्हती ती शाळा जाणार, असा ठराव झाला. कोणी कोणाचे वाईट चिंतले नाही. सर्वांनी आपापले काम केले.

वहिनींना कागद मिळाला त्या दिवशी त्या थेट आमच्या कार्यालयात आल्या. जिना चढून आल्यामुळे त्यांना धाप लागली होती.

“भाऊजी, हा चार्ट तुमच्या ऑफिसातनं गेला ना?”

“हो, वहिनी.”

“माझ्या मुली मैदागिनच्या मोठ्या शाळेत जायच्या म्हणे. तो रस्ता बघितलाय कुणी? टोटो रिक्षा, बुलेट, सांड, सगळं एकाच वेळी अंगावर येतं. पहिलीतली पोर जाईल तिथे?”

“आया सोडायला—”

“आया सकाळी दुसऱ्यांच्या घरी भांडी घासायला जातात. कोण सोडणार? पाठवणारच नाहीत. घरी बसवतील, धाकट्याला सांभाळायला. फिनिश.”

त्रिपाठींनी त्यांना खुर्ची दिली आणि नम्रपणे सांगितले, “मैडम, टेक्निकल इशू है.” आमच्याकडे या शब्दानंतर पुढे कोणी विचारत नसे. वहिनींनी विचारले, “टेक्निकल माने?” त्यावर त्रिपाठी काहीसे गोंधळले, कारण तिथवर ते कधी गेले नव्हते.

नापी गुरूंनी फुटपट्टी खिशातून काढली. “माने नाम नहीं बैठा, बेटी,” असे म्हणून ते मराठीत वळले. “बाई, तुमच्या शाळेचं नाव यांनी मोजलंच नाही. गुणाकार केला. मी मोजतो.”

आक्षेप ऐकण्यासाठी समितीची आणखी एक बैठक होती, एकच. निर्णय आलेख पाहून झाला आहे, तेव्हा तो बदलायचा तर आलेख पाहूनच बदलेल, असे खात्याने कळवले होते. साहेबांनी तीन टिंबांचा उपाय पुन्हा सुचवला, आणि या वेळी नापी गुरूंजवळ तत्त्वाशिवाय एक कारणही होते. त्याच देणगीदारांची मुलग्यांची एक शाळा शिंदे घाटाकडे आहे. दोन्ही नावांचा पहिला अर्धा भाग शब्दशः एकच. मुलग्यांच्या शाळेची पट्टी रेघेच्या बरीच अलीकडे थांबली होती. टिंबे दिली असती तर आलेखावर एकच नाव दोनदा दिसले असते, आणि कोणती राहील आणि कोणती जाईल हे पुन्हा लेखनिकाच्या चष्म्यावर सोपवले गेले असते.

नापी गुरूंनी माप घेतले. नाव सबंध भिंतीहून रुंद तर नव्हतेच; तीन ओळींत मोडले तर फार झाले तर अर्धी भिंत घेत होते. त्रिपाठी म्हणाले, “तो संख्या लिख दीजिए प्रोग्राम में, काम खत्म.” नापी गुरूंनी त्यांच्याकडे असे पाहिले की जणू त्यांनी उष्ट्या हाताने देवाला फूल वाहिले.

“ये नाप हमारी मशीन की है. वहाँ की मशीन में यही फॉन्ट है, ये तुमसे किसने कहा?”

कोणी सांगितले नव्हते. कोणी विचारलेही नव्हते. बैठकीच्या आदल्या दिवशी ते मला घेऊन सभागृहात गेले. यंत्राच्या कारकुनाने प्रथम अर्ज मागितला, मग अर्जावर साहेबांची सही मागितली, आणि मग नापी गुरूंनी खुर्ची ओढून भिंतीला लावली आणि तिच्यावर पडलेल्या अक्षरांना पोलादी पट्टी लावली तेव्हा काहीही मागायचे सोडून तो पाहत राहिला.

“ई का हो रहा है, बाबा?”

“नाप रहे हैं.”

“दीवार?”

“नाम.”

कारकुनाने माझ्याकडे पाहिले. मी तपासनीसाला शोभेल असा चेहरा केला.

संशय खरा ठरला. त्या यंत्रात आमचा फॉन्ट नव्हता. यंत्राने दुसरा घेतला होता, त्याचे अक्षर अधिक पसरट होते, आणि आमच्याकडे मोजलेला समास तिथे अपुरा पडून नावातली शेवटची ‘कन्या’ आणि घाट दोन्ही कापली जात होती. ती दोन्ही गेली की ही शाळा कोणती हे पुन्हा कळेनासे झाले असते. आमचा फॉन्ट त्या यंत्रात घालायला कारकुनाने नकार दिला; बाहेरची वस्तू नको. नापी गुरूंना त्याचे दुःख झाले नाही. उलट, यंत्र नाही तर निदान माणूस तरी चुकताना सापडला याचा आनंद त्यांच्या मानेवर दिसत होता. तिथेच बसून त्यांनी प्रोग्रॅम सुधारला. आता आयत्या वेळी, त्याच यंत्रावर, जो फॉन्ट असेल त्यात नाव आधी अदृश्य लिहिले जाणार, मोजले जाणार, पुसले जाणार आणि मग आलेख काढला जाणार होता. “ज्या भिंतीवर दिसायचं, त्या भिंतीवर मोजायचं,” ते खुर्चीवरून उतरताना म्हणाले.

दुसऱ्या दिवशी बैठकीत आलेख भिंतीवर उमटला आणि सभागृहात कुजबुज सुरू झाली. वहिनींच्या शाळेच्या नावाने तीन ओळींत अर्धी भिंत व्यापली होती. उरलेल्या अर्ध्या भिंतीत सर्व शाळांच्या पट्ट्या दाटीवाटीने आखडून बसल्या होत्या, रेघही सरकून उजवीकडे गेली होती. अध्यक्षस्थानी बसलेल्या अधिकाऱ्यांनी चष्मा पुसला.

“ये चार्ट है कि विवाह का निमंत्रण?”

एक मुख्याध्यापक उठून म्हणाले, “सर, इनके नाम के चक्कर में हमारी पट्टी आधी हो गई.”

“सबकी आधी हुई है,” नापी गुरू मागून म्हणाले. “रेखा भी उतनी ही खिसकी है. जो पार थे, पार हैं.”

मुख्याध्यापक बसले, परंतु आपला अपमान झाला आहे हे त्यांनी चेहऱ्यावरून जाऊ दिले नाही. अधिकाऱ्यांनी ते नाव मोठ्याने वाचायला घेतले. दुसऱ्या देणगीदारापाशी त्यांना श्वास घ्यावा लागला. देवीपाशी त्यांनी सवयीने हात कपाळाकडे नेला. घाटापर्यंत पोचल्यावर त्यांनी पट्टीकडे पाहिले, मग रेघेकडे, मग हातातल्या कागदाकडे.

“ये तो पार है. फिर ये विलय में कैसे चला गया?”

सरकारी कामात खरे उत्तर देण्याची घाई कोणाला नसते. विशेषतः ते ‘नाव बसत नव्हते’ असे असेल तेव्हा. शेवटच्या रांगेत वहिनी पर्स मांडीवर धरून ताठ बसल्या होत्या. अधिकाऱ्यांनी कागदावर एक रेघ मारली. शाळा राहिली. ती राहिली म्हणून कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत, कारण पुढच्या पट्टीची पाळी आली होती.

संध्याकाळी इतिवृत्ताची प्रत आली. त्यात एक अट होती. प्रस्तुतीच्या सोयीसाठी सदर विद्यालयाने अभिलेखातले आपले नाव संक्षिप्त करावे, आणि तसे लिहून द्यावे. ‘कन्या विद्यालय, दुर्गाघाट’ एवढे पुरेल, असेही सुचवले होते. शाळेला मुले कमी आहेत असे आता कोणी म्हणत नव्हते. अक्षरे जास्त आहेत असे म्हणत होते.

नापी गुरू त्याच संध्याकाळी आमच्या घरी आले. वहिनींनी पाणी दिले. त्यांनी भांडे हातात धरून ठेवले.

“बाई, तुम्ही सही करू नका. नाव तुमचं आहे. बसलंय ना ते? मी बसवून दाखवलं.”

“काका, सही केली मी. दुपारीच.”

“का?”

“न करून काय करू? परत यादीत टाकतील. दारावरची पाटी कोण काढतंय? ती राहील. त्यांच्या कागदावर त्यांना जे छोटं-मोठं लिहायचं ते लिहू दे.”

“मग मी मोजलं कशासाठी?”

“उद्या मुली येतील ना, त्यासाठी.”

सगळे आयुष्य नापी गुरूंनी नावांभोवतीच्या चौकटी मोजण्यात घालवले होते. त्या नावाच्या आत कोणी राहत असेल, हा विषय त्यांच्याकडे कधी आला नसावा. त्यांनी पाणी प्यायले, भांडे पालथे घातले आणि निघाले. दारात म्हणाले, “पहिलीच्या मुली किती वाजता येतात?” वहिनींनी वेळ सांगितली. ते पाहायला गेले की नाही मला माहीत नाही; गेले असतील तर फुटपट्टी घेऊनच गेले असतील.

दुसऱ्या दिवशी त्यांनी प्रोग्रॅमला शेवटचा हात लावला. मी शेजारीच बसलो होतो म्हणून पाहिले. नवे छोटे नाव त्यांनी आज्ञेप्रमाणे लिहिले. त्याच्या आधीची ओळ मात्र तशीच ठेवली. आलेख निघायच्या आधी प्रोग्रॅम अजूनही शाळेचे पूर्ण नाव अदृश्य जागी लिहितो, दोन्ही देणगीदार, वडील, देवी, घाट, सगळे, ते मोजतो, पुसतो, आणि त्या मापाचा समास सोडतो. मग त्या प्रशस्त समासात ‘कन्या विद्यालय, दुर्गाघाट’ हे तीन शब्द, बाकी सर्व शाळांच्या नावांसारखेच, पट्टीला चिकटून उभे राहतात, आणि डावीकडे भिंत रिकामी राहते.

त्रिपाठींनी पाहिले. “गुरू, इतना खाली काहे छोड़े हैं?”

“खाली नहीं है. नापा हुआ है.”

साहेबांनी नापी गुरूंचे कंत्राट पुढे वाढवले नाही, आणि कारण म्हणून वेगाचा उल्लेख केला. ते आता इंदूरला मुलीकडे असतात. तिच्या डब्यांवर लेबले लागली आहेत असे ऐकतो. मुलीने लावून टाकली. त्रिपाठींनी मध्यंतरी तो समास कमी करायचा प्रयत्न केला, परंतु तो आकडा म्हणून कुठेच लिहिलेला नसल्यामुळे त्यांना सापडला नाही, आणि नंतर घाईची कामे आली.

तो आलेख आजही दर सत्रात निघतो आणि छापून खात्याच्या ओसरीत भिंतीवर लावला जातो. डावीकडची कोरी जागा कशासाठी आहे याबद्दल तिथे निरनिराळी मते आहेत. एका लिपिकाच्या मते ती फाइलच्या भोकांसाठी आहे. दुसरा तिच्यावर टपालाचे शिक्के तपासून पाहतो. कोणीतरी तिथे पाण्याच्या टँकरवाल्याचा फोन लिहून ठेवला आहे.

माझे म्हणणे असे आहे की ती जागा आमच्या गल्लीतल्या शाळेच्या पूर्ण नावाची आहे, आणि तंतोतंत आहे. मी ते नाव त्याच यंत्रावर, त्याच अक्षरात, तीन ओळींत छापून घेतले आणि त्या जागेवर ठेवून पाहिले. बसले. परंतु मी त्या घरचा माणूस आहे आणि मुख्याध्यापिका माझ्या वहिनी आहेत. माझे माप पुरावा म्हणून धरू नये. ज्यांना शंका असेल त्यांनी दुर्गाघाटाच्या गल्लीत यावे. सकाळी शाळा भरताना आलात तर भिंतीला लागून उभे राहावे, गल्ली अरुंद आहे आणि मुली धावत येतात. त्या आत गेल्या की दारावरच्या पाटीवरून नाव नीट उतरवून घ्यावे, ते छापून घ्यावे, आणि ओसरीतल्या आलेखाच्या समासावर ठेवून बसते की नाही ते कृपया स्वतः तपासावे.